नाल्याची वाट

सुशीलाबाईला अस्वलानं मारल्याचं कळलं तेव्हा तिचा नवरा उमराव अंगणात मोहफुलं वाळत घालत होता, आदल्या दिवशी तिनंच वेचून आणलेली. गावकऱ्यांनी तिला नाल्यातून खाटेवर घालून आणलं. जो तो एकच विचारत होता, बाई नेहमीची पाऊलवाट सोडून नाल्यानं कायले गेली? उमरावला ठाऊक होतं.

चिचगडच्या जंगलात त्या पाऊलवाटेवर, एका सागाला, वाघाचे फोटो घ्यायला कॅमेरा बांधला होता. सुशीलाबाईनं त्याची धास्तीच घेतली.

"अजी, तो डब्बा माह्याकडंच पाहून राहिला," ती म्हणाली.

उमरावला गंमत सुचली. "मंग काय व? साहेब तिकडं देवरीले टीवीवर पाहून राहिला तुले. ही टोपलीवाली बाई कोनाची, म्हून विचारत होता."

रोज तो त्यात मीठमिरची घालत गेला, साहेब आता रागावलाय म्हणाला. तिनं वाट बदलली, नाल्यातल्या काट्यांनी लुगडं फाडून घेतलं, तेव्हाही तो पोट धरून हसला होता.

आता त्या सागापुढून जाताना उमरावच दुपट्टा तोंडावर ओढून घेतो. गावात कोणी मोबाईल वर धरला की भिंतीआड होतो. जंगलखात्याचा गार्ड हेमेंद्र दारात आला तेव्हा त्याला वाटलं, सगळं दिसलं यांना, आता विचारतील. बसायला सांगायचंही सुचलं नाही.

हेमेंद्रनं मोबाईल पुढं केला. "काका, कॅमेऱ्यात काकूचा फोटो निघाला. तुमच्याकडं तिचा एकही नाही म्हणे."

फोटोत सुशीलाबाई टोपली खाली ठेवून, डोक्यावर पदर घेऊन, कॅमेऱ्याला हात जोडून उभी होती. साहेबाची माफी मागत होती.

तेरवीला आलेल्या लेकीनं, रीतानं, गोंदियाहून तो फोटो मोठा करून आणला आणि हार घालून भिंतीला लावला.

"किती भोळी होती माही माय," ती म्हणाली. "पन बाबा, नाल्यानं काऊन गेली असन?"

उमरावनं पाण्याचा गडू उचलला, दोन घोट घेतले, गडू पुन्हा खाली ठेवला. रीता सासरी परत गेली. तो फोटोकडं पाठ करून जेवतो, तरी ते जोडलेले हात पाठीला कळतात.

रीताला त्यानं अजून सांगितलेलं नाही.