पाठमोरी ओक्सिम

“हा डबा अजून चालतो का? फोनवर काढा की. बसून बसून माझी कंबर धरली,” ओक्सिमबाई माझ्या तोंडावरच कुरकुरल्या.

मित्रांनो, तो डबा म्हणजे मी. मी एक जुना रिळाचा कॅमेरा आहे. कडा झिजून माझं पितळ उघडं पडलं आहे. ओक्सिमबाईंचे यजमान फिलसू हे माझे मालक. तरुणपणी ते चित्रपटांच्या सेटवर फोटो काढत. चित्रीकरणातून उरलेले रिळाचे तुकडे अंधारात माझ्या पोटात भरत. तिथेच त्यांनी एक खूळ उचललं. माणूस चौकटीच्या कोपऱ्यात ठेवायचा आणि बाकी जागा धुक्याला, ओल्या रस्त्याला, ट्यूबलाइटच्या हिरवट उजेडाला द्यायची. चेहरा दाखवला की गोष्ट संपते, असं ते म्हणत.

चाळीस वर्षं मी ओक्सिमबाईंना तसंच पाहिलं. आमच्या कोरियातल्या गुन्सानच्या बंदरावर पाठमोऱ्या, बसच्या धूसर काचेआड, रश्श्याच्या पातेल्यावर वाकलेल्या. प्रदर्शनात लोक त्या फोटोंपुढे थबकत, तेव्हा मीही फुगून जाई. मग फोन आले. मी कपाटात पडलो, भिंगावर बुरशी चढली.

गेल्या महिन्यात ओक्सिमबाई दवाखान्यातून घरी आल्या. डॉक्टर काय म्हणाले ते कुणी बोललं नाही. लेक मीरानने मात्र सगळे अल्बम पालथे घातले. “आईचं कॅलेंडर करायचंय,” म्हणाली. एकाही फोटोत आई समोर बघत नव्हती. फोनमध्ये होते ते मास्क लावलेले. मग मला दुरुस्तीला नेलं. बुरशी पुसली, पण डाग राहिलाच. मित्रांनो, वस्तू वेळच्या वेळी पुसाव्यात. आणि आपल्या माणसांकडे त्यांचं तोंड समोर असताना बघून घ्यावं.

आज फिलसूंनी सवयीने खुर्ची वळवली. “अगं, खिडकीकडे बघ. धुकं छान पडलंय.”

“बाबा, समोरून काढा,” मीरान म्हणाली.

“समोरून ओळखपत्रासारखा येतो.”

“तुझ्या बाबांना माझं नाक कधी पसंतच पडलं नाही,” ओक्सिमबाई म्हणाल्या.

फिलसूंनी मला डोळ्याला लावलं. बोट माझ्या खटक्यावर ठेवलं, दाबलं मात्र जाईना.

ओक्सिमबाईंनी स्वतःच खुर्ची समोर ओढली.

“मीरानचे बाबा, कॅलेंडर कसलं घेऊन बसलात? मी मेल्यावर फुलांच्या मधोमध ठेवायला हवाय हा फोटो. आलेल्या माणसांनी काय माझ्या पाठीपुढे वाकायचं?”