अंकादांचा घास

“हा आकडा कुठं गेला?” तपासणीला आलेल्या साहेबांनी फळ्याच्या कोपऱ्यावर बोट ठेवून विचारलं.

कोपऱ्यात एक गुणाकार होता. ३४७ गुणिले २६. मांडणी स्वच्छ, पण उत्तराच्या ओळीत नऊ, शून्य, मग रिकामी जागा आणि शेवटी दोन. मोठ्या बाई साहेबांच्या मागे होत्या आणि मी मराठीच्या वह्या घेऊन दाराशी उभी होते. गणिताचे अनंतराव गुरुजी खोटं बोलत नसत, आणि खरं सांगितलं तर त्यांची नोकरी जाणार होती. पेन्शनला दोन वर्षं उरली होती.

“तो खाल्ला,” गुरुजी म्हणाले.

“कुणी?”

“अंकादांनी.”

हे अंकाद आमच्या मुलींच्या शाळेत जुनेच होते. निजामाविरुद्धच्या पोलीस ॲक्शनच्या धामधुमीत शाळा काही महिने बंद पडली. उघडली तेव्हा मुली पाढे साफ विसरलेल्या. त्याच सुमारास गुरुजींच्या पत्नी यमुनाबाई तापानं गेल्या. मूलबाळ नव्हतं. अशा वेळी माणूस दुसरं लग्न करतो, नाहीतर देवधर्माला लागतो. यांनी सिद्धान्त काढला. जगात डोळ्यांना न दिसणारे जीव आहेत आणि ते गणितावर जगतात. कागद कुरतडत नाहीत, कागदावरचं गणित खातात. मुली पाढे विसरल्या नाहीत, त्यांचे पाढे खाल्ले गेले. उपाय सोपा होता. जेवणाआधी कावळ्याला घास काढतात, तसं शाळा सुटताना एक सोडवलेलं गणित फळ्यावर ठेवायचं. अंकाद ते खातील आणि मुलींच्या डोक्याला तोंड लावणार नाहीत. फळ्याचा तेवढा कोपरा कुणी पुसायचा नाही, अशी ताकीद होती.

आणि सकाळी खरंच एक आकडा गेलेला असे. गुरुजी सुट्टीच्या दिवशीही शाळेत येऊन बघत आणि वहीत नोंद करत. बारा वर्षांच्या नोंदींवरून त्यांनी शोध लावला होता की अंकादांना कच्चं चालत नाही, शिजलेलं उत्तरच लागतं, म्हणून ते फक्त खालची ओळ खातात. रविवारी आणि सणावारी त्यांचा उपास असतो. शिक्षकांच्या खोलीत आम्ही यावर पोट धरून हसायचो. एकदा मी त्यांना विचारलं होतं, “गुरुजी, एकादशीला भगरीचं गणित ठेवायचं का?” ते गंभीरपणे म्हणाले, “तशी नोंद नाही.” आज ते आठवलं की माझी मलाच लाज वाटते.

साहेब आता ती वही चाळत होते. “हे तुम्ही मुलींना शिकवता?”

“विचारलं तर सांगतो.”

मोठ्या बाईंनी आदल्या दिवशी हात जोडून सांगितलं होतं, एक दिवस फळा पुसा. गुरुजींनी ऐकलं नव्हतं. साहेबांनी पेनाचं टोपण काढलं.

“सायेब, ते म्या पुसते.”

चतुराबाई आमची शाळा झाडायची. करमाडची, ठेंगणी, पन्नाशीला आलेली. हातातली कळशी दारात ठेवून ती आत आली. “रोज सक्काळी पुसते. गुरुजींना ठावं नाय. त्यो किडा-बिडा काय नाय सायेब, माझाच हात हाय.”

“कशासाठी?”

“यमुनाबाई गेल्या, तवा गुरुजी लई कावलेले व्हते. पोरींना छडीनं मारायचे. येक दिशी फळ्याखालची धूळ काढताना फडकं लागून येक आकडा गेला. म्हनलं, आता आपली नोकरी गेली. तर गुरुजी ते बघून हासले. त्या दिशी छडी उचललीच नाय त्यांनी. मंग दुसऱ्या दिशी बी म्या पुसला.”

“खालचीच ओळ का?” हे साहेबांनी नाही, गुरुजींनी विचारलं.

“तेवढाच हात पोचतो, गुरुजी.”

साहेबांनी वही गुरुजींच्या हातात परत दिली. मग शेरा लिहिला: अध्यापन समाधानकारक, फळा स्वच्छ ठेवावा. नोकरी वाचली.

शाळा सुटल्यावर गुरुजी रिकाम्या वर्गात बसलेले दिसले. मी आत गेले.

“रागावलात का तिच्यावर?”

“तिच्यावर कशाला?” ते म्हणाले. “रविवारी ते खात नाहीत, हे मीच लिहिलंय, बाई. बारा वर्षांत सहाशेच्या वर रविवार झाले. गणिताच्या मास्तराला तेवढ्यावरून कळायला हवं होतं.”

“मग कळलं कसं नाही?”

त्यांनी वही मिटली. “न दिसणारे जीव आकडे खातात, हे मला पटलं. पण माझ्यासाठी रोज कुणी काही करत असेल, हे कधी मनातच आलं नाही.”

शिक्षकांच्या खोलीत मी त्यांच्या शेजारीच बसायचे, त्यांच्याच तपेलीतला चहा प्यायचे, आणि बारा वर्षं मी फक्त हसले होते.

गुरुजी उठले. त्यांनी फळा वरपासून खालपर्यंत पुसला आणि व्हरांड्यात गेले. चतुराबाई पायरीवर तोंड फिरवून बसली होती.

“चतुराबाई, उद्यापासून फळा मी पुसत जाईन,” गुरुजी म्हणाले. “तुम्हाला वर हात पोचत नाही.” एरवी ते तिला ‘ए चतुरा’ म्हणत.

“बरं, गुरुजी,” ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी मी लवकर गेले होते. चतुराबाई सवयीनं ओलं फडकं घेऊन वर्गात आली. कोऱ्या फळ्यासमोर थोडा वेळ उभी राहिली, आणि मग खिडक्यांचे गज पुसायला लागली.