लेकीच्या घरचा घास

या, असे जवळ सरकून बसा. टाळ ठेवा थोडा वेळ बाजूला. आज तुम्हाला एका देवीची गोष्ट सांगतो. ती आपल्या मुलखातली नाही, समुद्रापलीकडच्या ग्रीस देशातली. आणि तिच्या जोडीनं आमच्या सावली गावच्या ठमाबाईची. या दोघींना वेगळं करून सांगणं आता मला जमत नाही.

ठमाबाई माझी शेजारीण. नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली, दोन एकर धान ती एकटीच्या जिवावर पिकवायची. एकुलती लेक रिना सात वर्षांपूर्वी माजरीला दिलेली. जावई प्रणित कोळशाच्या खदानीत, जमिनीखाली कामाला. माणूस सरळ, बोलायला कमी. पण ठमाबाईनं लेकीच्या घरी कधी घास घेतला नव्हता. आमच्याकडच्या जुन्या बायका हे पाळतात. लेकीला मूल होईस्तोवर तिच्या घरचं अन्नपाणी तोंडात घ्यायचं नाही, घेतलं तर तिच्या कुशीला बाधतं म्हणतात. म्हणून ठमाबाई माजरीला निघाली की डबा आणि पाण्याची बाटली सोबत. रिना गरम भात वाढायला उठे, आणि ही आपल्या डब्यातला गार भात उघडून बसे.

रिनाचं पहिलं मूल पोटातच तिसऱ्या महिन्यात गेलं, दुसरं पाचव्यात. दुसऱ्या खेपेला ठमाबाई आठ दिवस तिच्या उशाशी होती. बाटलीतलं पाणी संपलं, तर शेजारणीकडून तांब्याभर मागून आणलं.

नवव्या दिवशी रिना भिंतीकडे तोंड करून म्हणाली, "माय, शेजारनीचं पानी चालते तुले, माह्या घरचं नाई चालत. पान्याच्या दर घोटाले तू मले सांगून राह्यली का हिच्या घरी लेकरू नाई. तू जा आता. माह्या घरी जेवशील तवाच मी सावलीले येईन."

दोन वर्षं लेक आली नाही. ठमाबाईही गेली नाही. ती मला म्हणायची, "मुखरूभाऊ, तिचंच भलं पाहून राह्यली ना मी? तिले काऊन नाई समजत?" मीसुद्धा तेच पाळत आलेला माणूस.

यंदा कार्तिकात देवळात सप्ताह बसला. चौथ्या दिवशी दुपारी चार वाजता स्वातीताईंचं कीर्तन होतं. ताई चंद्रपूरला कॉलेजात इतिहास शिकवतात, गळा असा की ऐकताना माझे डोळे आपोआप मिटतात. पूर्वरंगात त्यांनी अन्नाचा महिमा सांगितला आणि आख्यानाला एकदम परदेशी देवी काढली.

"तिचं नाव डिमिटर," ताई म्हणाल्या. "धान्याची देवी. ती शेतातून चालत गेली की लोंब्या भरायच्या. तिची एकच लेक, पर्सेफोनी. लेक फुलं तोडत होती, तोच जमीन दुभंगली आणि पाताळाचा राजा हेडिस तिला रथात घालून खाली घेऊन गेला. देवांचा राजा झ्यूस, म्हणजे मुलीचा बाप. त्याला हे ठाऊक होतं. त्यानंच भावाला होकार दिला होता."

"भावाले?" पहिल्या रांगेतले खुशालभाऊ सरळ होऊन बसले. "म्हंजे काकानं पुतनी नेली? ताई, हे देव होत का कोन होत?"

सारा मंडप हसला. ताईही हसल्या. "देवांच्या घरीसुद्धा भाऊबंदकी असते, भाऊ."

मग त्यांनी स्वर खाली घेतला. माय नऊ दिवस न खाता, न पिता लेकीला हाका मारत फिरली. तिनं धान्य उगवणंच थांबवलं. माणसं उपाशी, देवांना नैवेद्य नाही. शेवटी झ्यूसनं लेकीला परत पाठवायला सांगितलं. पण तिनं तिथं डाळिंबाचे चार दाणे खाल्ले होते. त्या राज्याचा नेम असा की जो तिथलं खाईल, तो तिथला. म्हणून वर्षातले काही महिने ती मायजवळ, काही महिने पाताळात. ती खाली गेली की माय शेतांकडे पाहत नाही.

मृदंगावर थाप पडणार, तोच बायकांच्या बाजूनं ठमाबाई उभी राहिली. कीर्तनात मधे कुणी बोलत नसतं. पण ती बोलली.

"ताई, माय काऊन नाई उतरली खाली?"

कुणीतरी तिचा पदर ओढला. "बस व ठमाबाई."

"नाई, मले सांगा. धान पिकवनारी ते. तिनं बी तिथं चार दाने खाल्ले असते, तं ते बी तिथलीच झाली असती. लेकीपाशी राह्यली असती. वरतं बसून काऊन रडत राह्यली?"

ताईंनी वीणा मागच्या टाळकऱ्याकडे दिली. मग खाली वाकून तिला हात जोडले. "माय, मी ही कथा किती वेळा सांगितली. मला हे कधी सुचलं नाही."

दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीनं ठमाबाई माजरीला निघाली. "मले एकटीनं धीर नाई होत, चला," म्हणून मलाही घेतलं. हातात डबा नव्हता, बाटली नव्हती.

रिनानं दार उघडलं. आधी तिची नजर मायच्या मोकळ्या हातांवर गेली, मग माझ्याकडे. ती आत वळली. ठमाबाई भिंतीशी बसली आणि म्हणाली, "भूक लागली व बाई."

भात आणि लाखोळीची डाळ ताटात आली. ठमाबाईनं घास कालवला, उचलला, आणि हात तोंडाशी थबकला. "रिना, मी खाल्लं अन् तुह्या कुशीले काई झालं तं?"

"होनारच नाई काई," रिना म्हणाली. "डाक्टरनं सांगून चार महिने झाले. आता मले लेकरू होत नाई, माय. तू वाट पाहतस ते दिवस येनारच नाई."

मी देवाचं नाव घेतलं आणि खाली पाहिलं. मग ठमाबाईनं तो घास खाल्ला. दुसरा घेतला. रडत होती आणि खात होती. ताटातलं संपलं तेव्हा म्हणाली, "आनखी वाढ. सात वर्साची भूक आहे."

प्रणित खदानीतल्या पाळीवरून आला. कानामागं कोळसा तसाच. सासूला ताटावर बसलेली पाहून तो दारातच उभा राहिला. ठमाबाई सरकली. "ये बापू, हात धू. माह्यासंगं बस."

त्या रात्री ती तिथंच राहिली. चार दिवसांनी परतली तेव्हा रिना सोबत होती. धान कापणीला मायलेकी शेताच्या एकाच बांधीत वाकलेल्या मी पाहिल्या. फाल्गुनात ठमाबाई झोपेतच गेली. लेक शेजारीच निजली होती.

त्या कथेतल्या देवीला लोक अजून ओळखतात. आमच्या बाईला सावलीबाहेर कोण ओळखणार? म्हणून तुमच्याकडे एक मागणं आहे. लेकीच्या दारी जाल, ती ताट मांडेल, तेव्हा जेवा, आणि पहिल्या घासाला आमच्या ठमाबाईची आठवण काढा.