मुदतवाढ नामंजूर

घाबरू नका, मी शिक्का बोलतोय. आज माझ्या तोंडाला शाई नाही, तेव्हा तुमचं काही बिघडणार नाही.

माझा जन्म यवतमाळचा, दत्त चौकाजवळच्या एका दुकानातला. लाकडी मूठ, रबरी तोंड आणि तोंडात 'मुदतवाढ नामंजूर' एवढेच शब्द घेऊन मी महागावकडच्या एका कचेरीत रुजू झालो. माझा रुबाब काय सांगू! तिथे 'मंजूर'चा शिक्का कुणी करवलाच नव्हता. होकार द्यायचा तर साहेबांना कारणं हाताने लिहावी लागत. नकाराला मी होतोच.

आमचे बाबू यज्ञेश्वरभाऊ मुदतवाढीचा अर्ज आला की आधी मला हाणायचे, मग गठ्ठा साहेबांकडे सहीला. "वाचत बसलो त काम आवरन काय बाप्पा?" म्हणायचे. साहेबही माझ्याखाली डोळे झाकून सही ठोकायचे.

एक दिवस अक्षय नावाचा तरुण शेतकरी मुदतवाढीचा अर्ज घेऊन आला. त्याची बायको मिताली हिची अंगणवाडी सेविका म्हणून निवड झाली होती. रुजू व्हायची मुदत सरत आलेली आणि त्यांची पोरगी दिवस भरायच्या आधीच जन्मून यवतमाळच्या दवाखान्यात, काचेच्या पेटीत. "लेकरू पेटीतून निघालं का मिताली आलीच समजा जी," तो म्हणाला. यज्ञेश्वरभाऊंनी हळहळून मान हलवली आणि सवयीने मला दणकन उमटवलं. झालं, मितालीची जागा यादीतल्या पुढच्या बाईकडे निघाली.

पण मिताली गप्प बसणारी नव्हती. तिने नागपूरला हायकोर्टात दाद मागितली. कोर्टाने ती जागा भरू दिली नाही आणि मूळ कागद मागवले. यज्ञेश्वरभाऊ मला कधी टेबलावर एकटं सोडत नसत, म्हणून फायलींसोबत पिशवीतून मीही गेलो.

काय ती उंच छतं, काय ती शांतता! न्यायमूर्ती बाईंनी अर्ज वर धरला. "इथे नकार दिसतो. कारण कुठे आहे?"

सरकारी वकील कागद चाळत राहिले.

"मंजुरीचा शिक्का आहे का तुमच्याकडे?"

"नाही, मॅडम."

"म्हणजे अर्ज येण्याआधीच उत्तर तयार होतं."

मला वाटलं, आता बाई स्वतःच मुदत देऊन टाकणार. तर नाही! त्यांनी माझा नकार रद्द केला आणि म्हणाल्या, "मुदत द्यायची की नाही, हे अधिकाऱ्यांनीच ठरवावं. पण अर्जदाराचं ऐकून, आणि कारणं लिहून." एवढी मोठी सत्ता, आणि ती आपण होऊन एका रेषेवर थांबली. मी पिशवीत थक्क होऊन गेलो. माझी सगळी मिजास तिथेच उतरली.

पुढे मिताली पोरीला घेऊन कचेरीत आली. "मले नोकरी नको असती त इतकं लहान लेकरू घेऊन कायले आली असती, साहेब?"

साहेबांचा हात सवयीने माझ्याकडे आला. मूठ पकडली. माझा जीव टांगणीला लागला. मग त्यांनी पोरीकडे पाहिलं आणि मला खाली ठेवलं. "बसा. पहिल्यापासून सांगा."

सगळं ऐकून घेऊन त्यांनी पेन उचललं आणि पानभर कारणं लिहिली. अक्षर अगदीच गिचमिड होतं, पण त्या टेबलावर इतकं देखणं काही मी पाहिलं नव्हतं. शेवटी लिहिलं होतं, मुदतवाढ मंजूर.

आता मी खणात असतो. माझी शाईची गादी वाळून कडक झाली आहे. नाही म्हणायचं असेल तर खुशाल म्हणा, पण का ते सांगा. मला मात्र पुन्हा शाईत बुडवू नका. खणाच्या फटीतून हल्ली यज्ञेश्वरभाऊंचा आवाज येतो, "काहून उशीर झाला, सांगा बरं." आणि माणसं सांगत बसतात.