चौथे काका

धाकू मेस्त्रीने बासष्टाव्या वर्षी डोंगर चढायचं मनावर घेतलं, आणि दिवस निवडला तो अमावस्येचा. गावी असता तर अमावस्येला तिन्हीसांजेनंतर त्याने उंबऱ्याबाहेर पाऊल टाकलं नसतं. पण चारकोपच्या त्याच्या शेजारणीने, मानसीने, फोनवर बुकिंग करून देताना समजावलं होतं की चंद्र नसला की तारे जास्त दिसतात, म्हणून सूर्यास्त आणि तारे दाखवणारी ही टूर अमावस्येच्या शनिवारीच असते. धाकूला ताऱ्यांचं काही पडलं नव्हतं. टूर नेणारी त्याची मुलगी होती, अक्षता, आणि दोन वर्षं ती त्याच्याशी एक शब्द बोलली नव्हती.

शनिवारी सकाळी अकरा वाजता तो दहिसर चेकनाक्याजवळ माकडटोपी घालून उभा राहिला. जानेवारी असला म्हणून काय झालं, भर उन्हात माकडटोपी घातलेला माणूस अख्ख्या दहिसरात एकच असणार. बस आली, दार उघडलं आणि अक्षता यादी घेऊन खाली उतरली. पायात मातीने भरलेले बूट, उन्हाने रापलेला चेहरा, नाक थेट आईचं. यादीत नुसतं 'डी. एस. मेस्त्री' लिहिलेलं, आणि मेस्त्री तर पैशाला पासरी. तिने मान वर केली. टोपीआडचा बाप ओळखायला तिला क्षणभरही लागला नाही. तिने नावापुढे खूण केली आणि म्हणाली, "काका, तुम्ही सीट नंबर अकरा. पाणी घेतलंय ना?"

आता हे 'काका' नीट समजून घ्या, नाहीतर पुढचं कळायचं नाही. मुंबईत पन्नाशी ओलांडलेला कुठलाही पुरुष काका असतो, त्यात वाईट वाटून घेण्यासारखं काही नाही. पण धाकूच्या मालवणी घरात बाप म्हणजे तू. 'बाबा, तू जेवलंस?' 'बाबा, तुका काय कळना नाय.' अहोजाहो काय ते बाहेरच्यांसाठी. ज्या तोंडून अठ्ठावीस वर्षं तू ऐकलं, त्याच तोंडून आज 'तुम्ही' आलं. "बरं," म्हणून तो गुमान अकरा नंबरवर जाऊन बसला.

चूक कोणाची तेही सांगून टाकतो. धाकूची. अक्षताने विमा कंपनीतली बरी नोकरी सोडून लोकांना डोंगर दाखवायला सुरुवात केली, तेव्हापासून बापलेकीचं वाजलेलं. 'लोकांच्या पोरी हापिसात जातात, आमची गुरं वळल्यासारखी माणसं वळते,' असं हा सोसायटीभर सांगत सुटायचा. मग दोन वर्षांपूर्वी ती हिमाचलात लोकांना घेऊन गेली असताना शेवंतीला, म्हणजे तिच्या आईला, हॉस्पिटलात ठेवावं लागलं. ताप होता, दोन दिवसांत घरी सोडतील असं सगळे म्हणत होते. बाहेर बाकड्यावर शेवंतीचा फोन धाकूच्या हातात होता. तो वाजला. वर नाव आलं अक्षता. धाकूने उचलला नाही. बसू दे म्हणाला बर्फात, कळू दे जरा, उद्या सांगू. फोन तीनदा वाजला. उद्या उजाडला तेव्हा शेवंती गेलेली होती.

अक्षता पोचली तोवर सगळं उरकलं होतं. धाकूने चार माणसांत सांगितलं, 'किती फोन लावले, रेंजच नव्हती तिकडे.' आता जिने स्वतः तिथून तीनदा फोन केलेला, तिला रेंजचं काय सांगता? आईचं दिवसकार्य झाल्यावर ती बॅग उचलून निघून गेली. बापाने मुद्दाम कळवलं नाही एवढं तिला कळून चुकलं होतं. फोन त्याच्या हातात वाजत होता आणि तो बघत बसला होता, हे मात्र तिला ठाऊक नव्हतं.

तेच सांगायला धाकू निघाला होता. सांगायचं, हात जोडायचे, शिव्या दिल्या तर खायच्या. बदल्यात तिने एकदा बाबा म्हटलं की त्याला दुसरं काही नको होतं. दोन खोल्यांच्या घरात दोन वर्षं एकट्याने भांडं घासून, एकट्याने टीव्ही लावून तो विटून गेला होता. पस्तीस वर्षं दिंडोशीच्या टॉवरांतून लिफ्टा दुरुस्त केल्या, शेकडो दारं ओळखीची, पण कुणाच्या दाराची बेल वाजवावी असं एक दार राहिलं नव्हतं.

शेजारच्या सीटवर बोरिवलीचे नंदकिशोर होते, सरकारी कचेरीतून निवृत्त झालेले. माणूस सज्जन, पण तोंडाला टाळा नाही. घोडबंदर रोडच्या ट्रॅफिकमध्ये त्यांनी आपलं बायपास सांगितलं, भिवंडीला सुनेचे गुण सांगितले, आणि कसारा घाट येईपर्यंत धाकूला त्यांच्या बायकोचं माहेरचं नावही पाठ झालं. धाकू 'हो ना' म्हणत होता आणि पुढच्या सीटवर ड्रायव्हरशी बोलणाऱ्या अक्षताची वेणी बघत होता. ती बारीक झाली होती. तिला जेवायला कोण घालतं, कोण जाणे.

डोंगराचं नाव सांगत नाही. उगाच उद्या सगळे जाल आणि चिप्सची पाकिटं टाकून याल. उंच आहे, चढ दीड तासाचा आहे, आणि वर सपाट पठार आहे, एवढं पुरे. बावीस माणसं होती, त्यांत काका चार. अक्षता चौघांचीही सारखी काळजी घेत होती. "काका, दम घ्या." "काका, काठी डाव्या हातात धरा." एका कातळाच्या टप्प्यावर तिने एकेकाला हात धरून वर ओढलं. पहिले काका, दुसरे काका, नंदकिशोर, मग धाकू. तिचा तळवा खरखरीत झाला होता. धाकूने तो जरुरीपेक्षा जरा जास्तच वेळ धरून ठेवला. "सोडा काका, मागे लोक आहेत," ती म्हणाली. तिचा आवाज चांगला होता, चिडका नव्हता, आणि त्याचंच त्याला जास्त लागलं. चिडली असती तर काही तरी शिल्लक आहे असं म्हणता आलं असतं.

सूर्य मावळायला आला तेव्हा सगळे पठाराच्या कडेला ओळीने बसले. खाली दऱ्यांवर दऱ्या, त्यांत निळसर धूर साचलेला, आणि वर लालभडक गोळा. जो तो फोन काढून फोटो घेत होता. धाकूने पाहिलं, छान होतं. शेवंतीला आवडलं असतं, हे मनात आलं आणि त्याने नजर काढून घेतली.

"इथे रेंज आहे हं," अक्षता चहाचे कप फिरवत म्हणाली. "खाली गेल्यावर मिळणार नाही. घरी कळवायचं असेल तर आत्ताच कळवा."

सगळ्यांनी फोन लावले. आई पोचलो, अगं किती थंडी आहे, बाळ झोपलं का. नंदकिशोरांनी बायकोला आख्खा सूर्यास्त तोंडी ऐकवला. मग धाकूकडे वळले. "तुम्ही नाही करत घरी फोन?"

"घरात कोण नाय."

"मुलंबाळं?"

अक्षता दोन माणसं सोडून चहा ओतत होती. धाकू म्हणाला, "एक मुलगी आहे."

"कुठे असते?"

"डोंगरातच असते. माणसं घेऊन फिरते."

"काय सांगता," नंदकिशोर खूश झाले. "अहो मॅडम, ह्यांची मुलगी तुमच्याच लाइनमध्ये आहे म्हणे. ओळखत असाल तुम्ही."

अक्षताने किटली सरळ धरली. "असेल. या लाइनमध्ये बऱ्याच मुली आहेत आता," ती म्हणाली. "चहा घ्या काका, गार होतोय."

कोणता काका ते तिने सांगितलं नाही. दोघांनीही हात पुढे केले.

अंधार पडला तसा गारठा हाडात शिरायला लागला. सतरंज्यांवर सगळे उताणे झोपले आणि अक्षता हिरव्या किरणाची टॉर्च घेऊन मध्ये उभी राहिली. आकाश एवढं भरलेलं होतं की बोरिवली-मुलुंडची मंडळी बोलायचीच थांबली, नंदकिशोरसुद्धा. डोक्यावर कृत्तिका, पूर्वेला मृग, खाली लखलखणारा व्याध. ती सांगत होती ते धाकू ऐकत नव्हता, तिचा आवाज ऐकत होता. मग ती म्हणाली, "मृगाच्या पोटात ओळीने तीन तारे दिसतात ना? तो व्याधाने मारलेला बाण. गावाकडे त्याला तिकांडं म्हणतात."

म्हणतात म्हणे. धाकू अंधारात ताडकन उठून बसला. ती सहा वर्षांची असताना गावी खळ्यात मांडीवर घेऊन त्यानेच दाखवलेलं ते तिकांडं. बोट धरून एक, दोन, तीन मोजायला लावलेलं. तिला आठवत असणारच, नाहीतर शब्द आला कुठून? त्याला हसू फुटलं आणि लगेच रडूही आलं. बाजूच्या बाईने विचारलं, "काका, काही होतंय का?" तो म्हणाला, "नाय, थंडी."

आठ वाजता सगळ्यांचं टेलिस्कोपमधून एकेक करून बघून झालं आणि लोक सामान आवरायला लागले. अक्षता कडेला एकटीच टेलिस्कोपचे पाय दुमडत होती. धाकू काठी टेकत तिच्यापर्यंत गेला. वाटेत त्याने वाक्य चारदा जुळवलं होतं, समोर गेल्यावर त्यातलं एकही सापडेना.

"अक्षता, माका बोलूचा हा."

"बोला काका."

"आवशीक हॉस्पिटलात ठेवल्याला, तेव्हा तुझो फोन इल्लो. तिच्या फोनार. तो माझ्या हातात होतो. तुझा नाव वाचलंय मी. तीनदा वाजलो. मी उचलूक नाय. नुसतो बघीत रवलंय."

अक्षताचे हात थांबले. पाठीमागे कोणीतरी हसत होतं, कोणाचा तरी टॉर्च सापडत नव्हता.

"आई शुद्धीवर होती तेव्हा?" तिने विचारलं.

हा प्रश्न धाकूने धरलेला नव्हता. खोटं बोलायला अजून वाव होता, अंधारही होता. "होती," तो म्हणाला.

"माझ्याबद्दल विचारलं तिने?"

"विचारल्यान. अक्षताचो फोन इलो काय, म्हणान."

"मग?"

"नाय म्हणान सांगितलंय."

तिचा श्वास तेवढा त्याला ऐकू येत होता, फाटल्यासारखा, मधेच अडणारा. दोन वर्षं तिने जे काय मनात धरलं असेल, त्याहून हे वाईट निघालं, हे त्याला उभ्या उभ्या कळलं. तिला जवळ घ्यावं म्हणून त्याने हात उचलला आणि तिने खांदा मागे घेतला.

"बाबा," ती म्हणाली.

धाकूचे डोळे भरून आले.

"बाबा, तू परत येव नको."

एवढंच. ओरडून नाही, हळूच म्हणाली, घरच्या बोलीत, घरी म्हणायची तशी. मग टेलिस्कोपची पिशवी खांद्यावर टाकून ती लोकांत गेली आणि मोठ्याने म्हणाली, "चला, टॉर्च लावा सगळ्यांनी. एकामागे एक, घाई करायची नाही."

उतरताना तिने त्याला नंदकिशोरांच्या मागे ठेवलं. कातळाच्या टप्प्यावर तिने या वेळीही सगळ्यांना हात दिला, त्यालाही दिला. पण डावा पाय, उजवा पाय काही सांगितलं नाही, आणि काका म्हणाली नाही.

खाली पिठलं-भाकरी झाली. अक्षता रविवारच्या लोकांसाठी तिथेच राहणार होती, बस ड्रायव्हरच घेऊन जाणार होता. दारापाशी उभी राहून ती एकेकाला निरोप देत होती. "थँक्यू काका, परत या हं." "काकू, पुढच्या वेळी नातीला आणा." तीन काका वर चढले, तिघांनाही 'परत या' मिळालं. धाकू आला तेव्हा तिने त्याच्याकडे पाहिलं. डोळे सुजलेले होते तिचे. ती बाजूला सरकली, त्याला वाट दिली, आणि काही म्हणाली नाही.

बस सुटली. नंदकिशोरांनी शाल गुंडाळून घेतली आणि समाधानाने सुस्कारा सोडला. "गुणी आहे हो मुलगी. मला म्हणाली, पुढच्या वेळी काकूंना घेऊन या. तुम्हाला काय म्हणाली?"

"परत येऊ नको म्हणाली."

"अं? असं गिऱ्हाइकाला कोणी बोलतं का?"

"गिऱ्हाइकाला नाही बोलली," धाकू म्हणाला. "बापाला बोलली."