कापायला सांगितलेला तुकडा

राधाने टेप पुन्हा मागे घेतली. अंधार. टॉर्चचा गोल लोखंडी दाराच्या कडीवर हलतोय, आणि दारामागून तिचा बाप ओरडतोय, "साहेब, दार उघडा. जीव गुदमरतोय माझा."

मग कॅमेऱ्यामागून चिंतामणी हसतो. "बंद करू नको रे. म्हातारा खरा घाबरलाय."

हा तुकडा उडव, असं तो बजावून गेला होता. काम त्याने बेसिलच्या व्हिडिओच्या दुकानात टाकलेलं. लग्नाच्या कॅसेटींचं मिक्सिंग करणारी ही पोरगी कोणाची, ते विचारायची त्याला गरज वाटली नव्हती.

चिंतामणीचा पिक्चर भुताचा. बंद गिरणीत पोरं हरवतात, नुसता त्यांचा कॅमेरा सापडतो, आणि त्यात जे शूट झालंय तेच आपण बघतो. म्हणजे कुठे कात्री लागलीय असं वाटायलाच नको. कॅमेरा हिसका खातो तिथे कापायचं, अंधारात जोडायचं.

संपात नोकरी गेल्यापासून राधाचा बाप धोंडू त्याच गिरणीत रखवालदार होता. खरी भीती टिपायला चिंतामणीने त्याला वरच्या साचेखात्यात, जुन्या मागांच्या हॉलमध्ये, कोंडलं. मागच्या जिन्याने सुटायला गेला तो पडला, खुबा मोडला. प्यायला होता, असं चिंतामणी गावभर सांगत सुटला. रखवालदारी गेली. जन्मात थेंब न घेतलेल्या माणसाने गळ्यातली माळ काढून ठेवली, कारण चाळीतली पोरं त्याला अंगठा दाखवून पिण्याची खूण करायची.

राधाने बापाचा आवाज ठेवला. फक्त चिंतामणीचं हसणं आणि बोलणं कापलं, आणि सांधा अंधारात लपवला.

लालबागला मंडळाच्या हॉलमध्ये पिक्चर लागला. पडद्यावर धोंडू दारामागून हात आपटायला लागला तसा हॉल गार पडला. चिंतामणी खुर्चीतून अर्धा उठला. तेवढ्यात टाळ्या पडल्या, मागून शिट्ट्या आल्या. तो परत बसला.

शेवटी त्याला माइक दिला. चाळीत धोंडूच्या शेजारी राहणारी गुणवंती हसत म्हणाली, "काय ओ, बेवड्याकडनं असलं काम कसं करून घेतलंत?"

"बेवडा असं काम करेल काय, मावशी? पूर्ण शुद्धीत होता. तो पडला ना, त्याच्या जरासा आधी घेतलाय हा शॉट. एकेक वाक्य मी बसवलंय."

गुणवंतीचं हसू गेलं. धोंडूच्या बाजूच्या साच्यावर आयुष्य काढलेला रामचंद्र पुढच्या रांगेतून उठला.

"मग दाराला बाहेरनं कडी कोणी लावली?"

त्याच्या मागे आणखी म्हातारे उठले. चिंतामणीने माइक खाली घेतला आणि बेसिलच्या दुकानातून मशीन चालवायला आलेल्या पोरीला लाइट लावायची खूण केली.

राधा जागची हलली नाही.

"मी धोंडूची पोरगी, सर. माइक चालूय. बोला."