लवणाईला चढलेला ताप

गुरुवारी सकाळी दहा वाजता कांजूरमार्गच्या मिठागरालगतच्या पत्र्याच्या शेडमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. "लवणाईच्या नावानं चांगभलं!" असा गजर चालला होता. अनंतबाबाने तांब्यातलं तीर्थ देवीच्या तळहातावर बारीक धारेने सोडलं. दिसायला साधं पाणी, पण तळहातावर पडताच गोठलं. धार चालू राहिली तसा पांढराशुभ्र खडा वर वर वाढत गेला आणि चांगला वीतभर झाला. बायांनी तोंडात बोटं घातली.

"हात लावून बघा!" बाबा गरजला. "बर्फ थंड असतो, हा खडा गरम आहे! तुमचा रोग आईने अंगावर घेतला, म्हणून तिला ताप चढला. लवणलोकाच्या सात समुद्रांची शपथ!"

मी कपाळाला हात लावला. सात समुद्रांची ही शपथ मी यापूर्वी निदान तेवीस वेळा ऐकली होती, रीटेकसकट.

मी लवू. गोरेगावच्या एका स्टुडिओत सेटवरच्या मूर्ती, मुकुट, राक्षसांचे दात असलं सामान बनवतो. पाच वर्षांपूर्वी आम्ही मुलांसाठी एका काल्पनिक जगाची मालिका केली. मिठाचा देश, स्फटिकांचे महाल, आणि तिथली एक देवी. निर्माता म्हणाला, "खरी देवी नको रे बाबा, कुणाच्या तरी भावना दुखावतील." म्हणून लेखकाने चहा पिता पिता लवणाई काढली आणि मी ती फायबरमध्ये घडवली. खड्याचा चमत्कारही माझाच. अनंत तेव्हा पुजाऱ्यांच्या घोळक्यात तिसऱ्या रांगेत उभा असायचा. मालिका बंद पडली, सामान इकडेतिकडे गेलं, देवी कुणी नेली याची चौकशी कुणी केली नाही. शूटिंगमध्ये तुटलेला तिच्या उजव्या पायाचा अंगठा मी एमसीलने चिकटवला होता, जरा वाकडाच. आता लोक त्याच अंगठ्यावर डोकं टेकत होते.

मी पोट धरून हसलो असतो, पण पहिल्या रांगेत माझी बहीण बसली होती.

प्रेमाताईच्या दोन्ही किडन्या निकामी झाल्यात. आठवड्यातून तीनदा डायलिसिस लागतं. बाबाने गरम खडा फडक्यात बांधून तिच्या कमरेवर ठेवला आणि सांगितलं, रक्तातलं विष आई ओढून घेते, मशीन सोड. तिने सोडलं. तिची मुलगी श्रुतिका मला फोनवर रडत म्हणाली होती, "मामा, डॉक्टर म्हणतायत जिवावर बेतेल. ती माझं ऐकतच नाही."

त्या गुरुवारी संध्याकाळी मी ताईसमोर बसलो. "ताई, ती देवी मी केलीय. या हातांनी. अंगठासुद्धा मी चिकटवलाय."

"देवीनच तुझ्या हातान करून घेतल्यान," ती शांतपणे म्हणाली.



रविवारपर्यंत तिच्या डायलिसिसच्या दोन फेऱ्या चुकल्या. पाय सुजून चपलेत जाईनात, चार शब्दांत दम लागायचा. तरी ती श्रुतिकाला घेऊन रिक्षाने शेडमध्ये आली. मीही गेलो, काचेची बाटली आणि डब्याचं झाकण घेऊन. बाबाचा खडा वाढला तसा मी उठलो आणि सगळ्यांसमोर झाकणावर धार सोडली. माझाही खडा वाढला.

"मंडळी, यात देवी नाही! व्हिनेगरमध्ये खाण्याचा सोडा घाला. फसफस थांबली की आटवा, वर पापुद्रा धरला की चमचाभर पाणी घालून स्वच्छ भांड्यात झाकून ठेवा, हलवू नका. गार झालं तरी ते पाणीच राहतं. मग त्याच खड्याचा एक कण लागला की सगळं गोठतं आणि गोठताना आतली ऊब बाहेर टाकतं. मी कण झाकणाला फासून आणला, हा बाबा देवीच्या तळहाताला फासतो. वास घ्या, व्हिनेगरचा येईल!"

पुढच्या दोघींनी झाकण हुंगून नाक मुरडलं. मला वाटलं, जिंकलो.

मग सोनूबाई नावाची एक म्हातारी कोळीण पुढे आली. तिने झाकणावरच्या खड्याला बोट लावलं. "आगं बाय, यो पन गरम हाय!" तिने खड्यावर झेंडूचं फूल ठेवलं आणि माझ्या पाया पडली. तिच्यामागे आणखी चौघी आल्या.

"अहो, सोडा आहे तो! भजीत घालता ना, तो सोडा!" मी ओरडत राहिलो. अनंत माझ्या कानाशी येऊन म्हणाला, "झकास, लवूदा! दर रविवारी येत जा ना यार."

तेवढ्यात प्रेमाताईने हात जोडले, माझ्याकडे बघून. धापा टाकत तिने विचारलं, "लवू, आई माझ्यासाठी काय म्हणता?"

खरं उत्तर मी तिला गुरुवारीच दिलं होतं आणि ते फुकट गेलं होतं. तिचे ओठ काळे पडत चालले होते. मी डोळे मिटले आणि अनंताच्या आवाजात बोललो, "आई म्हणते, मशीनमध्येही मीच आहे. सात समुद्रांची शपथ, आत्ताच्या आत्ता जा!"

आयुष्यात इतकी लाज मला कधी वाटली नव्हती. ताई मात्र लगेच उठली. "श्रुतिका, रिक्षा बोलव गो."

रविवार असूनही डॉक्टरांनी तिला मशीनवर घेतलं. चार तासांनी तिचा श्वास सरळ चालू लागला. म्हणाली, "बघलंस? आई पावली. मंगळवारी जाव की नको, ता पण तिका विचार हां."

वाचकहो, मी हरलो आहे. एवढी कृती मी सांगितली ती तुमच्यासाठी. घरात सगळे धडधाकट आहेत तोवर हा खडा चुलीपाशी वाढवा, मुलांना हात लावू द्या, तो का तापला ते सांगा. माणूस भ्यायच्या आधी सांगा, कारण भ्यायलेल्या माणसाच्या कानात ते शिरत नाही, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. माझ्या बहिणीला सांगायला मला उशीर झाला. मंगळवारी मला पुन्हा देवी व्हायचं आहे.